चेक कुठे दडवलाय?

भाचीला म्हटलं, "किल्ली घरात कुठेही लपव. बोलायचं नाही, खुणा करायच्या नाहीत. मनगट माझ्या हातात दे आणि जागा मनात धरून ठेव." पहिल्या खेपेला आम्ही बाल्कनीत जाऊन अडकलो. दुसऱ्यांदाही फजिती. तिसऱ्या दिवशी मात्र स्वयंपाकघराच्या दारात तिचं मनगट किंचित सैल पडलं. फ्रिजकडे वळलो तर जड झालं. ओट्याखालच्या डब्यांपाशी ते माझ्याआधी थांबलं. किल्ली तूरडाळीत होती.

"मामा, तुला कसं कळलं?" ती दचकलीच. सांगितलं तिनंच होतं, फक्त तिला त्याचा पत्ता नव्हता.

हा उद्योग सुचला क्रेस्किन या मनकवड्या कलावंतामुळे. मूळ नाव जॉर्ज क्रेस्गी, जन्म १९३५, अमेरिकेतलं न्यू जर्सी. लहानपणी कॉमिकमधल्या जादूगार मँड्रेकनं झपाटलेला. आपल्याकडे इंद्रजाल कॉमिक्स वाचून किती पोरं तशी झपाटली असतील! हा मात्र भावाला घरात नाणं लपवायला लावायचा आणि शोधत बसायचा. पुढे आयुष्यभर त्यानं तेच केलं, फक्त नाण्याच्या जागी स्वतःच्या मानधनाचा चेक आला. प्रेक्षकांनी तो सभागृहात कुठेही लपवायचा. सापडला नाही तर त्या रात्रीचं मानधन बुडालं. काही वेळा ते बुडालंही.

मला वाटतं, खरी करामत या पैजेत आहे. माणसाचे पैसे जाणार म्हटल्यावर त्याला वाट दाखवणारा प्रेक्षक जागेचाच विचार करतो, आणि जितका विचार करतो तितका त्याचा हात बोलका होतो. विल्यम कार्पेंटर या इंग्रज शरीरशास्त्रज्ञानं नकळत होणाऱ्या या हालचालींना १८५२ मध्येच शास्त्रीय नाव दिलं होतं. स्नायू वाचणारे कलावंत एकोणिसाव्या शतकात अमेरिकेत गाजलेही होते. शिवाय चेकची जागा सगळ्या सभागृहाला ठाऊक! चुकीच्या रांगेत शिरलं की कुजबुज, योग्य रांगेत शिरलं की चिडीचूप. लहानपणीच्या 'थंड-गरम'सारखंच.

जाड चष्मा, बोलण्याचा धबधबा, समोरच्याचा हात पाण्याचा हापसा मारल्यासारखा हलवणं, असा हा माणूस. अंगात दैवी शक्ती असल्याचा दावा त्यानं कधी केला नाही. उलट संमोहनाची तंद्री असं काही नसतंच म्हणाला आणि ती सिद्ध करणाऱ्याला बक्षीस लावलं. सत्तरच्या दशकात कॅनडात बनलेला त्याचा टीव्ही कार्यक्रम चालला, टीव्ही सूत्रसंचालक जॉनी कार्सनच्या कार्यक्रमात तो पुन्हा पुन्हा दिसला. नंतर सभागृहं लहान होत गेली. त्याच्या एका जुन्या व्यवस्थापकानं त्या काळावर बेतलेला 'द ग्रेट बक हॉवर्ड' हा चित्रपट काढला, त्यात त्याच्यावर बेतलेली भूमिका अभिनेता जॉन माल्कोविचनं केली.

एक गोष्ट मात्र मला खटकते. ६ जून २००२ ला नेवाडाच्या वाळवंटावर उडत्या तबकड्या दिसतील, असं भाकीत त्यानं केलं. माणसं जमली, तबकड्या आल्या नाहीत. लोक सूचनेला किती बळी पडतात हे दाखवायचं होतं, असं त्यानं नंतर सांगितलं. ही सारवासारव वाटते. चेक सापडला नाही की निदान त्याचे स्वतःचे पैसे जायचे. इथे गेला तो लोकांचा वेळ. डिसेंबर २०२४ मध्ये, ८९ व्या वर्षी क्रेस्किन गेला.

तुम्हाला करून पाहायचं असेल तर दोन सूचना. मनगट आवळू नका, नाहीतर स्वतःचीच नाडी वाचत बसाल. आणि किल्ली डाळीत लपवू देऊ नका. अख्खा डबा पुन्हा निवडावा लागतो.