एका कार्डाने मोडलेले घर

१८ फेब्रुवारी १८९५. लंडनच्या अल्बेमार्ल क्लबमध्ये एक उमराव आला, आपल्या कार्डावर दोनचार शब्द खरडले आणि ते दरवानाच्या हाती देऊन निघून गेला. रागाच्या भरात एक शब्द तर त्याने चक्क अशुद्ध लिहिला होता. दहा दिवसांनी ते कार्ड ऑस्कर वाइल्डच्या हातात पडले.

कार्डावर आरोप होता समलिंगी संबंधांचा, आणि त्या काळच्या इंग्लंडमध्ये तो गुन्हा होता. लिहिणारा होता क्वीन्सबेरीचा मार्क्विस. त्याचा मुलगा आल्फ्रेड डग्लस ऊर्फ बोसी हा वाइल्डचा जिवलग. कार्ड फाडून टाकले असते, तर कदाचित पुढचे सगळेच टळले असते. पण बापाच्या द्वेषाने पेटलेल्या बोसीने भरीला घातले आणि वाइल्डने क्वीन्सबेरीवर अब्रुनुकसानीचा खटला भरला. फ्रँक हॅरिस या मित्राने बजावले होते, खटला सोड आणि फ्रान्सला निघून जा. त्या वेळी बर्नार्ड शॉही तिथे हजर होते. ऐकतो कोण!

दिग्दर्शक ब्रायन गिल्बर्टचा १९९७ चा 'वाइल्ड' हा चित्रपट या माणसाचीच कहाणी सांगतो. स्टीफन फ्रायने वाइल्ड असा उभा केला आहे, की धिप्पाड देह, मवाळ आवाज आणि डोळ्यांतला मिस्कीलपणा पाहून हा अभिनय आहे हेच आपण विसरतो. ज्यूड लॉचा बोसी देखणा, हट्टी आणि क्षणात आग ओकणारा. टॉम विल्किन्सनचा क्वीन्सबेरी पडद्यावर आला की घरातल्या तापट वडीलधाऱ्याची आठवण होऊन धडकी भरते.

चित्रपटाने कोर्टाला फारसा वेळ दिलेला नाही. मला ती उणीव वाटली, कारण खरे नाट्य तिथेच घडले. क्वीन्सबेरीचा वकील एडवर्ड कार्सन हा डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजात वाइल्डच्याच वेळी शिकलेला. वाइल्डने आपले वय एकोणचाळीस सांगितले आणि कार्सनने लगेच जन्मतारीख काढली, १६ ऑक्टोबर १८५४. म्हणजे चाळिशी उलटलेली! शपथेवर बोललेले पहिलेच खोटे, तेही वयाबद्दलचे. पुढे कार्सनने एका तरुण नोकराविषयी विचारले, त्याचे चुंबन घेतलेत का? वाइल्ड म्हणाला, छे, तो दिसायला अगदीच सामान्य होता. नाटकात या वाक्याला हशा मिळाला असता. साक्षीदाराच्या पिंजऱ्यात मात्र तेच गळ्याशी आले. चुंबन न घेण्याचे कारण एवढेच का, हा प्रश्न कार्सन पुन्हा पुन्हा विचारत राहिला आणि शब्दांचा हा बादशहा अडखळला.

५ एप्रिलला त्याने खटला मागे घेतला. त्याच संध्याकाळी त्याला अटक झाली. आता आरोपी तोच होता. पहिल्या ज्यूरीचे एकमत झाले नाही. दुसरीने दोषी ठरवले आणि २५ मे रोजी दोन वर्षांच्या सक्तमजुरीची शिक्षा झाली. इंग्लंडमध्ये हा कायदा १९६७ मध्ये बदलला. आपल्याकडे इंग्रजांनीच घालून दिलेले ३७७ वे कलम सज्ञान व्यक्तींच्या संमतीच्या संबंधांपुरते सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये रद्द केले.

पण चित्रपट मनात घर करतो तो कॉन्स्टन्समुळे, वाइल्डच्या पत्नीमुळे. जेनिफर एल्हीने तिला कुठेही रडूबाई केलेले नाही. मुलांसाठी वाइल्डने लिहिलेली स्वार्थी राक्षसाची गोष्ट चित्रपटभर ऐकू येत राहते. बाप ती मुलांना सांगतो आणि तोच बाप बोसीपायी घराबाहेर राहतो. कॉन्स्टन्स तुरुंगात त्याला भेटायला येते, तो प्रसंग खऱ्या आयुष्यात याहून करुण होता. फेब्रुवारी १८९६ मध्ये वाइल्डची आई वारली. ही बातमी नवऱ्याला परक्याच्या तोंडून कळू नये म्हणून कॉन्स्टन्स आजारी असतानाही इटलीतून रेडिंगच्या तुरुंगापर्यंत आली. त्यानंतर ती दोघे कधीच भेटली नाहीत.

चित्रपट वाइल्ड आणि बोसीच्या पुनर्भेटीपाशी थांबतो. घराचे काय झाले ते मात्र वेगळे शोधून वाचावे लागते. फौजदारी खटला उभा राहण्यापूर्वीच देणेकऱ्यांनी टाइट स्ट्रीटवरच्या घराचा लिलाव मांडला, त्यात मुलांची खेळणीसुद्धा विकली गेली. कॉन्स्टन्सने मुलांना परदेशी नेले आणि वाइल्ड हे आडनाव टाकून हॉलंड हे नाव घेतले. सिरिल आणि व्हिव्हियन यांना वडील पुन्हा दिसले नाहीत. सिरिल पहिल्या महायुद्धात १९१५ मध्ये मारला गेला. व्हिव्हियनने १९५४ मध्ये आठवणी लिहिल्या, तेव्हा कुठे जगाला त्या मुलांचे हाल कळले.

कॉन्स्टन्स १८९८ मध्ये, वयाच्या चाळिशीत, जिनोआत वारली. तिच्या थडग्यावर नवऱ्याचे नाव नव्हते. ऑस्कर वाइल्डची पत्नी, हे शब्द त्या दगडावर कोरले गेले १९६३ मध्ये.