लिबलिबीत खेळण्याचें रसायन

हातांतून ओघळणारा, सावकाश ओढल्यास तारेसारखा लांबणारा आणि हिसका देतांच तुटणारा ‘स्लाइम’ नांवाचा गोळा हल्लीं पुष्कळ घरांतील मुलांच्या आवडीचा झाला आहे. अमेरिकेंतील मॅटेल कंपनीनें १९७६ सालीं तो हिरव्या रंगांत बाजारांत आणला. त्यांतील मुख्य द्रव्य म्हणजे गवारीच्या बियांची पूड होती, हें ऐकून गृहिणींना नवल वाटेल.

घरीं तो करण्यास स्वस्त गोंद पुरतो. मात्र तो दुधासारखा पांढरा, कागदकामाचा किंवा सुतारकामाचा असावा. क्षणांत चिकटणारा नळींतला गोंद चुकूनहि घेऊं नये; त्यानें बोटें एकमेकांस चिकटतात. अर्धा कप गोंदांत तितकेंच पाणी ढवळावें. दुसऱ्या भांड्यांत एक कप कोमट पाण्यांत चहाचा एक चमचा टांकणखार विरघळवावा व तें पाणी गोंदांत चमच्याचमच्यानें घालावें. गोळा भांड्याची कड सोडूं लागला कीं थांबावें; अधिक घातल्यास तो रबरासारखा ताठर होतो.

हें घडतें कसें? गोंदांत रेणूंच्या लांबच लांब सांखळ्या असतात. शिजलेल्या शेवयांप्रमाणें त्या एकमेकींवरून घसरतात, म्हणून गोंद ओततां येतो. सोनार दागिन्यास टांका लावतांना जो टांकणखार वापरतो, तोच येथें सांखळ्यांना मधूनमधून टांके घालतो. हे टांके कच्चे असतात. हळू ओढल्यास ते सुटून दुसरीकडे बसतात. हिसका दिल्यास त्यांस तेवढा अवकाश मिळत नाहीं. कपड्यास गोळा चिकटला तर व्हिनेगर लावावें. आम्लानें हे टांके उसवतात.

परंतु टांकणखार हें खेळणें नव्हे. त्याची पूड डोळ्यांत गेल्यास आग होते व पोटांत गेल्यास अपाय होतो. अन्नपाण्यांतून बोरॉन शरीरांत जातच असतो, त्यांत आणखी भर नको, म्हणून कॅनडाच्या आरोग्यखात्यानें २०१६ सालीं घरगुती खेळण्यांत बोरिक ॲसिड वापरूं नये, असा सल्ला दिला. टांकणखार त्याच कुळांतला आहे. म्हणून मिश्रण वडील माणसानेंच करावें, स्वयंपाकाचीं भांडीं घेऊं नयेत, हातास जखम असलेल्या मुलास गोळा देऊं नये व खेळ संपतांच साबणानें हात धुवावेत.

ज्या घरांत प्रत्येक वस्तु तोंडांत घालणारें मूल आहे, तेथें हा प्रयोग टाळणेंच बरें. त्याऐवजीं दोन वाट्या कॉर्नफ्लोअरमध्यें सुमारें एक वाटी पाणी कालवावें. हें मिश्रण मुठींत दाबलें कीं घट्ट होतें आणि मूठ सैल केली कीं वाहूं लागतें. गंमत तितकीच, आणि आईच्या जिवास घोर नाहीं.