आपली कहाणी आपल्याच कॅमेऱ्यात

१९७८ साली मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव झाला आणि आपल्या वस्त्या पेटल्या. नांदेड जिल्ह्यातील टेंभुर्णीचे पोचिराम कांबळे शहीद झाले. नांदेड-लातूरकडच्या आपल्या घरांत त्या दिवसांच्या आठवणी आजही निघतात. पण तेव्हा आपल्या हाती कॅमेरा कुठे होता?

दूर पॅलेस्टाईनमध्ये बिलीन गावच्या इमाद बुर्नाट या शेतकऱ्याने २००५ साली धाकट्या मुलाच्या जन्माच्या वेळी कॅमेरा घेतला. गावची जमीन तोडणाऱ्या इस्रायली कुंपणाविरुद्धचा लढा तो टिपत राहिला. एकामागून एक पाच कॅमेरे फुटले. त्यातूनच, इस्रायली दिग्दर्शक गाय दाविदी यांच्या साथीने, २०११ साली ‘फाइव्ह ब्रोकन कॅमेराज’ हा माहितीपट उभा राहिला.

आपल्याकडे सोमनाथ वाघमारे यांनी २०१७ साली भीमा कोरेगाववर माहितीपट केला. बाबासाहेबांनी १९२० साली ‘मूकनायक’ काढला तोही आपले दुःख आपल्याच तोंडून जगापुढे यावे म्हणून.

बंधू-भगिनींनो, १९७८ पाहिलेली माणसे आता थकली आहेत. आम्ही एवढेच सांगतो : येत्या रविवारी मोबाईल घेऊन आजीजवळ बसा. गाव, साल, माणसांची नावे विचारा आणि तिला बोलू द्या. तिची साक्ष आपण नाही जपली, तर कोण जपणार?