खलनायकाचे नाव आणि त्याचे धनी

चित्रकथा वाचणाऱ्या बालमित्रांना एक कोडे वारंवार पडते. मागील पुस्तकात ज्या दुष्टाचा निकाल लागला, तोच या पुस्तकात पुन्हा कसा उभा राहिला? नाव तेच, दहशत तीच. परंतु माणूस मात्र निराळा! या कोड्याची उकल करण्याचा प्रयत्न आम्ही या लेखात करणार आहोत, आणि त्यासाठी अमेरिकेपासून आपल्या जाम नदीपर्यंत थोडी भटकंती करणार आहोत.

नाव एक आणि धनी अनेक, ही कल्पना आपल्या वडीलधाऱ्यांना नवीन नाही. १९६४ साली सुरू झालेल्या इंद्रजाल चित्रकथांतून वेताळ मराठी घरांत आला. अरण्यातील लोक त्याला अमर समजत. वस्तुतः पित्यामागून पुत्र तोच मुखवटा धारण करीत असे, आणि कथेतील वेताळ हा त्या परंपरेतील एकविसावा होता. वेताळ सज्जनांचा कैवारी; पण हीच युक्ती दुर्जनांच्या बाबतीतही योजलेली आढळते.

बॅटमनच्या कथांतील क्लेफेस, म्हणजे मातीच्या तोंडाचा, याचे उदाहरण पाहा. १९४० साली हे नाव प्रथम घेतले ते बॅसिल कार्लो या चित्रपटनटाने. आपला जुना भयपट दुसऱ्या नटाला घेऊन नव्याने निघत आहे, या संतापाने त्याने खून पाडले. १९६१ साली तेच नाव मॅट हेगन या खजिना शोधणाऱ्याकडे गेले. एका अद्भुत द्रवाच्या कुंडात पडल्यामुळे त्याला हवे ते रूप घेता येऊ लागले. १९७८ साली आला प्रेस्टन पेन. हा शास्त्रज्ञ व्याधिग्रस्त होता. रोग बरा व्हावा म्हणून त्याने हेगनच्या रक्ताचा उपयोग करून पाहिला, आणि त्याच्या स्पर्शाने माणसे वितळू लागली. एक सूडाने पेटलेला, दुसरा लोभी, तिसरा दुःखी. तरीही नावामुळे तिघे एकाच माळेचे मणी ठरले.

लेखक असे का करतात? कारण नाव ही साठवलेली पुंजी आहे. पहिल्या धन्याने मिळवलेली दहशत दुसऱ्याला विनासायास लाभते. नाव ऐकताच वाचकाच्या अंगावर काटा येतो. या माणसाने प्रत्यक्ष काय केले, हे विचारण्याचे भान त्याला राहत नाही. नावाचे सामर्थ्य ते हेच, आणि त्याचा धोकाही हाच.

आता आपल्या जवळचे उदाहरण घेऊ. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी नागपुरात मारबतीची मिरवणूक निघते. काळी आणि पिवळी अशा दोन मारबती, आणि त्यांच्यासोबत बडगे. बांबू, कागद व चिंध्या यांचा हा पुरुषाकृती पुतळा म्हणजे बडग्या. त्याचे नाव दरवर्षी तेच. परंतु धनी मात्र बदलतो. एका वर्षी तो महागाई असतो, दुसऱ्या वर्षी भ्रष्टाचार, तर कधी दहशतवाद. गावाची इडापिडा त्याच्या माथी मारून लोक त्याला वाजतगाजत नेतात आणि शेवटी जाळून टाकतात. क्लेफेस हे नाव खलपुरुष स्वतः उचलतो. बडग्याचे नाव मात्र समाज दुसऱ्यावर ठेवतो. हा भेद आम्हाला महत्त्वाचा वाटतो.

नाव जेव्हा कागदाला सोडून माणसाला चिकटते, तेव्हा काय होते? काळी मारबत ही दुसऱ्या रघूजी भोसल्यांच्या राणी बाकाबाई यांचे प्रतीक मानली जाते. १८५७ च्या उठावात त्यांनी आपले वजन इंग्रजांच्या पारड्यात टाकले, हा त्यांच्यावरील ठपका इतिहासाला धरून आहे. पण त्याच इंग्रजांनी १८५४ साली नागपूरचे राज्य खालसा केले आणि राजवाड्यातील चीजवस्तूंचा लिलाव मांडला, हा अपमानही याच वृद्ध राणीने सोसला होता. १८५८ साली त्या निवर्तल्या. त्यांचा निर्णय योग्य होता असे आम्ही म्हणत नाही. परंतु पुतळ्याच्या काळ्या रंगात ही अर्धी कहाणी दिसेनाशी होते, एवढे मात्र खरे.

त्याच दिवशी आपल्या गावी गोटमार असते. जाम नदीच्या पात्रात झेंडा लावलेले पळसाचे झाड रोवले जाते. एका काठावर पांढुर्णा, दुसऱ्या काठावर सावरगाव. पलीकडे उभा असलेला माणूस कोण, हे त्या दिवशी कोणी पाहत नाही. तो 'पलीकडचा', एवढेच पुरेसे होते. हेही एक नावच, आणि ते काठावरच्या प्रत्येकाला क्षणात लागू होते. नागपुरात त्या दिवशी कागद जळतो. येथे माणसाचे रक्त सांडते. कित्येक जण जखमी झाले आहेत, काहींनी प्राणही गमावले आहेत.

शाळेतही असे नाव फिरत असते. एखाद्या वर्गात कोणाला 'मठ्ठ' किंवा 'चोरटा' हे नाव पडते. तो मुलगा शाळा सोडून गेला की त्याच बाकावर बसणाऱ्या दुसऱ्याच्या गळ्यात ते अलगद येऊन पडते. त्याने काय केले, हे कोणी विचारीत नाही.

वाचकहो, दुष्टपणाला नाव देणे गैर नव्हे. नाव दिल्यावाचून त्याच्याशी झुंजणार तरी कसे? परंतु ते नाव दुर्गुणाला द्यावे. महागाईचा बडग्या करा, आळसाचा करा, खोटेपणाचा करा आणि खुशाल जाळा. राखेतून कोणाचे आईबाप रडत येणार नाहीत. माणसावर मात्र ते नाव ठेवण्यापूर्वी चित्रकथेतील त्या आजारी शास्त्रज्ञाची आठवण ठेवावी, आणि याने स्वतः काय केले, हा साधा प्रश्न एकदा तरी विचारावा.