वडिलांच्या वहीतून उतरलेला चित्रपट

एलिया सुलेमान या पॅलेस्टिनी दिग्दर्शकाच्या चित्रपटांत एक गृहस्थ हमखास भेटतो. भुवया किंचित वर, चेहरा कोरा, समोर जे चाललंय ते बघत निमूट उभा. हा खुद्द सुलेमानच. पटकथाही त्याचीच आणि दिग्दर्शनही त्याचंच, पण स्वतःसाठी संवाद लिहायचे तो टाळतो. घरदार गमावलेल्या माणसांच्या या गोष्टी बघताना प्रेक्षागृहात चक्क हशा पिकतो, हे त्याहून नवलाचं.

सुलेमानचा जन्म १९६०चा, नाझरेथ शहरातला. १९४८च्या युद्धात सात लाखांहून अधिक पॅलेस्टिनींना परागंदा व्हावं लागलं. नाझरेथ त्या जुलैत शरण आलं आणि तिथले बहुतेक लोक जागेवरच राहिले. ते इस्राएलचे नागरिक झाले खरे, पण १९६६पर्यंत लष्करी अंमलाखाली. इस्राएलच्या १९५०च्या कायद्याने युद्धकाळात घर सोडून गेलेल्यांची मालमत्ता ‘गैरहजरांची’ म्हणून सरकारच्या ताब्यात गेली. देशाच्या सीमेआतच, दोन कोसांवरच्या गावात आसऱ्याला गेलेल्यांचीही यातून सुटका नव्हती. जनगणनेला माणूस हजर, स्वतःच्या घरापुरता गैरहजर! २००९च्या ‘द टाइम दॅट रिमेन्स’ या चित्रपटाच्या उपशीर्षकात सुलेमानने हा ‘हजर गैरहजर’च घेतला आहे.

या चित्रपटाची सामग्री घरातलीच. एक, वडील फुआद यांनी लिहून ठेवलेल्या आठवणी, १९४८मध्ये ते लढ्यात उतरले तिथपासूनच्या. दुसरी, देश सोडावा लागलेल्या नातेवाइकांना आईने लिहिलेली पत्रं. सालेह बाक्री या देखण्या नटाने तरुण फुआद उभा केला आहे. तो लेथवर काम करतो, चोरून बंदुका घडवतो, पकडला जातो, मार खातो. इथवर हा युद्धपट वाटतो. पुढे मात्र सुलेमान इतिहासाच्या मोठ्या घटना बाजूला ठेवतो आणि स्वयंपाकघर, गच्ची, शाळा यांत रमतो.

शेजारची काकू रोज मसुरीची खिचडी देते आणि छोटा एलिया ती थेट कचऱ्याच्या डब्यात रिकामी करतो. एक शेजारी अंगावर रॉकेल ओतून घेतो आणि पेटवून घेईन म्हणून धमकावतो. फुआद सावकाश येतो, त्याच्या हातातली काडेपेटी काढून घेतो, त्याला घरी पाठवतो. काही वर्षांनी पुन्हा तेच. शाळेत अरब मुलं इस्राएलच्या स्वातंत्र्यदिनाला हिब्रू गाणी गातात. कॅमेरा जागचा हलत नाही, कोणी काही समजावून सांगत नाही. एकच प्रसंग थोड्या फरकाने परत येतो, आणि दरम्यान माणसं म्हातारी झालेली दिसतात. घरच्या आठवणी आपल्याही अशाच, तीच तीच गोष्ट पुन्हा सांगत, टिकतात. पटकथेची ही बांधणी मला सगळ्यांत मोठी कारागिरी वाटते. रामल्ला या पॅलेस्टिनी शहरातला प्रसंग तर विसरता येत नाही: एक तरुण कचरा टाकायला बाहेर पडतो, मोबाइलवर बोलत येरझारा घालतो, आणि हाकेच्या अंतरावरच्या रणगाड्याची तोफ त्याच्या पावलागणिक डावी-उजवीकडे वळत राहते. त्याचं तिकडे लक्षही नाही.

त्याआधी, आपल्या पहिल्या पूर्ण लांबीच्या ‘क्रॉनिकल ऑफ अ डिसअपिअरन्स’मध्ये (१९९६) सुलेमानने सख्ख्या आईवडिलांनाच कॅमेऱ्यासमोर बसवलं होतं. शेवटी दोघं टीव्हीपुढे डुलक्या घेतात, पडद्यावर इस्राएलचा झेंडा फडकतो, राष्ट्रगीत वाजतं आणि प्रक्षेपण संपतं. ‘डिव्हाइन इंटरव्हेन्शन’मध्ये (२००२) वडील इस्पितळात आहेत आणि मुलगा भिंतीवर चिकटवलेल्या प्रसंगांच्या पिवळ्या चिठ्ठ्या पुढे-मागे करतो आहे, म्हणजे पटकथालेखन हेच दृश्य. या चित्रपटाला कान महोत्सवात ज्युरी पारितोषिक मिळालं.

घरातल्या वहीला एवढं मोल येण्यामागे आणखी एक कारण आहे. १९६०च्या दशकाच्या अखेरीस सुरू झालेल्या पॅलेस्टिनी चित्रपट चळवळीचा संग्रह बैरुतमध्ये होता. १९८२च्या इस्राएली आक्रमणानंतर तो नाहीसा झाला. सार्वजनिक स्मृतीच्या रिळांचा ठावठिकाणा नसेल, तर चित्रपटकार आईची पत्रंच उघडणार. नाझरेथचाच मिशेल ख्लेफी याने तर त्याआधीच, १९८०च्या ‘फर्टाइल मेमरी’त, आपल्या मावशीची कहाणी मांडली होती. जमीन गेली तरी मोबदला घ्यायला ती तयार नव्हती.

पडद्यावरचं आपलं मौन सुलेमानने २०१९च्या ‘इट मस्ट बी हेवन’मध्ये क्षणभर मोडलं. न्यूयॉर्कच्या टॅक्सीत चालक विचारतो, कुठले तुम्ही? उत्तर जेमतेम काही शब्दांचं: नाझरेथ, आणि मी पॅलेस्टिनी आहे. पण सुरुवात या चित्रपटापासून करू नका. आधी २००९चा पाहा. वडिलांची वही वाचून झाल्यावर मुलाच्या गप्प बसण्याचा अर्थ लागतो.