शाहीर साबळे आणि पार्टी



माझी नात परभणीच्या एका शाळेत सहाव्या इयत्तेत शिकते. १९ फेब्रुवारी २०२३ पासून 'जय जय महाराष्ट्र माझा' हे आपल्या राज्याचे अधिकृत गीत झाले, आणि तेव्हापासून शाळाशाळांतून ते म्हटले जाते. एके दिवशी ती मला म्हणाली, "आबा, हे गाणं कुणाचं?" मास्तरकीची सवय जात नाही. मी क्षणाचाही विलंब न लावता उत्तरलो, "शाहीर साबळ्यांचं." तिने निमूटपणे वही पुढे केली. तीत कवी म्हणून राजा बढे यांचे नाव होते, संगीतकार म्हणून श्रीनिवास खळे यांचे. "मग साबळ्यांचं त्यात काय?" असा तिचा पुढचा प्रश्न. तीस वर्षांहून अधिक काळ दर महाराष्ट्रदिनी मी फळ्यावर खडूने 'गीत : शाहीर साबळे' असे लिहीत आलो, आणि एकाही विद्यार्थ्याने मला अडविले नाही, हे आठवून मी खजील झालो.

उत्तर म्हटले तर सोपे आहे. साबळ्यांचा त्यात गळा होता. परंतु या उत्तराने माझे समाधान होईना. ज्या पुरुषाने हयातभर स्वतः पदे रचली, स्वतः चाली बांधल्या, स्वतः गायिली आणि स्वतःच माणसे जमवून, स्वतःच्या जोखमीवर ती रंगमंचावर आणिली, त्याचे नाव घरोघरी राहावे ते नेमक्या अशा गीतामुळे, की ज्यातील शब्दही त्याचे नाहीत आणि चालही त्याची नाही! कीर्तीचा हा हिशेब मला विलक्षण वाटला. म्हणून जे साबळ्यांचे खरोखर स्वतःचे होते, त्याविषयी आज चार शब्द सांगावे असे योजिले आहे.

कृष्णराव गणपतराव साबळे यांचा जन्म ३ सप्टेंबर १९२३ रोजी सातारा जिल्ह्यात, वाईजवळच्या पसरणी गावी झाला. लहानपणी त्यांना बासरीचा नाद होता. पुढे ते खानदेशात अमळनेरला आजोळी शिकावयास गेले. शिक्षण सातवीपर्यंत झाले आणि तेथेच थांबले. मात्र अमळनेरला साने गुरुजींचा सहवास लाभला. शाळा सुटली आणि गुरू मिळाला, असा हा व्यवहार. आम्हां मास्तरमंडळींनी त्यावर फार बोलू नये हेच बरे. शाहिरीत त्यांना शाहीर शंकरराव निकम यांचे मार्गदर्शन मिळाले. स्वातंत्र्याचा लढा, हैदराबाद व गोवा यांच्या मुक्तीचे लढे, त्यानंतर संयुक्त महाराष्ट्राची चळवळ, या साऱ्यांत त्यांचा डफ वाजत राहिला. परभणी १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होती. आमच्या वडिलांच्या पिढीला त्या लढ्याची आठवण सांगावी लागत नसे. त्यामुळे त्यासाठी पलीकडच्या मुलखात कोणी गळा झिजविला, याचे मोल इकडे अधिक वाटावे हे स्वाभाविकच आहे.

पोवाडा म्हणजे नुसते वीररसाचे काव्य नव्हे. तो एक छोटासा कारखानाच आहे म्हणा ना. मध्यभागी डफ घेऊन शाहीर, बाजूला तुणतुणे आणि झांज, मागे झीलकरी. शाहीर कथेचा एक तुकडा टिपेच्या स्वरात सांगून टाकतो, तोच झीलकरी 'जी जी' म्हणून तो स्वर उचलून धरतात, आणि तेवढ्या अवकाशात शाहिराला श्वास मिळतो. मध्येच तो गाणे सोडून गद्यात बोलतो, श्रोत्यांना चिमटा काढतो, पुन्हा गाण्यावर येतो. हे तासन्‌तास चालते. ध्वनिमुद्रिका आली तेव्हा या तासाला मोठाच अडसर झाला. जुन्या तबकडीच्या एका बाजूस जेमतेम तीन मिनिटे मावत. गद्याला जागा नाही, चिमट्याला नाही, समोर श्रोता नाही. पुष्कळ चांगले शाहीर या तीन मिनिटांत गुदमरले. साबळे गुदमरले नाहीत. त्यांच्या ध्वनिमुद्रिका घरोघर वाजल्या, याचे कारण माझ्या मते असे, की त्यांनी पोवाड्याचा हट्ट धरला नाही. तीन मिनिटांत जे मावते ते त्यांनी इतर ठिकाणांहून आणले.

कोठून आणले? पहिली खाण नाथांची. संत एकनाथांचे पैठण आणि जनाबाईंचे गंगाखेड ही दोन्ही गोदावरीच्या काठी. तेव्हा या विषयात आम्ही मराठवाड्याचे लोक थोडा अभिमान बाळगतो. ('जगात जर्मनी आणि भारतात परभणी' म्हणणाऱ्यांना अभिमानाला निमित्त लागतेच असे नाही, ही गोष्ट निराळी.) भारुडाची गंमत अशी, की त्यात गाणारा स्वतः राहत नाही. तो कधी विंचू चावलेला माणूस होतो, कधी नवऱ्याला विटलेली बाई होतो. वर हसू आणि आत परमार्थ. 'विंचू चावला' साबळ्यांच्या तोंडून ज्यांनी ऐकले असेल, त्यांना ते कण्हणे, ती लय आणि मध्येच येणारा तो ठसका आठवत असेल. ते भजन म्हणावे की नाटक? दोन्ही. दुसरी खाण कोकणकिनाऱ्यावरच्या कोळीगीतांची, जिथे तालाला लाटेचा झोका असतो. तिसरी जेजुरीच्या जागराची. चौथी तमाशाच्या गणाची. साताऱ्याचा हा माणूस डफाची धार न सोडता या सर्व घरांतून पाहुणा म्हणून वावरला, आणि कोठेही परका वाटला नाही. शास्त्रीय गायकांच्या घराण्यात असे केले असते तर गहजब झाला असता!

मात्र एकट्या गळ्याने हे होत नाही. 'शाहीर साबळे आणि पार्टी' या नावातील दुसरा शब्द मला पहिल्याइतकाच महत्त्वाचा वाटतो. १९४४ मध्ये अण्णाभाऊ साठे, अमर शेख आणि गव्हाणकर यांनी लाल बावटा कलापथक उभारले, त्याच्या पाठीशी एक संघटित राजकीय पक्ष होता. साबळ्यांच्या पाठीशी पार्टी होती ती एवढीच : वादक, झीलकरी, नट.

पार्टी चालविणे म्हणजे काय, याचा एक अल्पसा अनुभव मजपाशी आहे. नोकरीच्या आरंभी जिंतूर तालुक्यातील एका खेड्यात असताना 'यमराज्यात एक रात्र' या साबळ्यांच्या मुक्तनाट्याचे नुसते नाव ऐकून मी मुलांकडून एक यमपुरी उभारली. मूळ नाटक मी पाहिले नव्हते, हे कबूल करतो. गावच्या गोंधळ्याकडून तुणतुणे मिळाले, वाणीही चांगला निघाला, उधारीवर रॉकेल दिले. पहिला प्रयोग उत्तम झाला. तेव्हा शेजारच्या गावाने बोलाविले, आणि तेथून माझी अक्कल ठिकाणावर आली. दोन बैलगाड्या, गॅसबत्त्या, सतरा मुलांचे जेवण. चित्रगुप्त तापाने फणफणलेला. आणि ऐन गणाच्या वेळी पाऊस. पदरचे नव्वद रुपये गेले, आणि हाती आली ती पायलीभर ज्वारी. त्या खर्चाची वही मी अद्याप ठेविली आहे. जे मी दोन रात्री केले आणि टेकीस आलो, ते त्या माणसाने कित्येक दशके केले.

आता मुक्तनाट्य. 'यमराज्यात एक रात्र' १९६० मधील. जुन्या तमाशात आधी गण, मग गवळण, मग बतावणी आणि शेवटी वग असा क्रम असे. वगात कथेचा सांगाडा ठरलेला आणि संवाद पुष्कळसे आयत्या वेळचे. राजा, प्रधान, शिपाई हे सर्व आजच्या गावगोष्टी बोलत. साबळ्यांनी हा मोकळेपणा उचलला आणि त्यात शाहिरी गाणे व आजचा विषय घातला. यमाचा दरबार हे तर केवढे सोयीचे स्थळ! तेथून पृथ्वीवरच्या कोणत्याही कारभारावर बोलता येते, आणि पडद्यांचा, महालांचा खर्चही लागत नाही. १९६६ च्या 'आंधळं दळतंय' मध्ये मुंबईतील मराठी माणसाची अवस्था हा विषय होता. शिवसेना त्याच वर्षी स्थापन झाली आणि तिच्या आरंभीच्या काळात या नाट्याचा प्रभाव मोठा होता, असे मानले जाते. कलेने अशी कामे करावी की न करावी, यावर विद्वानांत मतभेद आहेत. माझे मत असे, की शाहिराने केली नाहीत तर मग तो शाहीर कसला? पण त्याची किंमतही आहे. दिवसाच्या विषयावर रचलेले नाट्य दिवस पालटला की शिळे होते, आणि ज्या पार्टीच्या अंगाखांद्यावर ते उभे असते ती पांगली की छापील संहिता वाचून त्याचा गंधही येत नाही. तबकडीवरचे गाणे राहिले. मुक्तनाट्य प्रेक्षकांबरोबर गेले. नातीच्या वहीत साबळ्यांचे स्वतःचे काही सापडत नाही, याचे एक कारण हेही आहे.

पुढे त्यांनी 'महाराष्ट्राची लोकधारा' सिद्ध केली. एका संध्याकाळी, एका रंगमंचावर गोंधळ, वासुदेव, वाघ्यामुरळी, कोळीनृत्य, भारूड, लावणी अशी महाराष्ट्राच्या लोककलांची मिरवणूकच. या प्रयोगाविषयी माझ्या मनात दोन मते नांदतात. आमच्याकडे गोंधळ म्हणजे रात्रीचे काम. चौक भरायचा, दिवटी पेटवायची, संबळ तापवायचे, देवदेवतांना नावे घेऊन बोलवायचे, आणि आख्यान रंगता रंगता पहाट व्हायची. तो गोंधळ काही मिनिटांत आटोपून, टाळ्या घेऊन विंगेत जाताना पाहिला की जीव थोडा कासावीस होतो. ज्याच्या घरी लग्न आहे त्याच्यासाठी तो विधी असतो. तिकीट काढलेल्यासाठी तो एक 'आयटम' होतो. हा दोष मी नाकारीत नाही. पण मला तुणतुणे देणाऱ्या त्या गोंधळ्याचा मुलगा संबळ खुंटीला टांगून पुण्यास कारखान्यात गेला, तो कोणा साबळ्यामुळे नव्हे. शहरातल्या ज्या मुलांनी संबळ कधी ऐकला नसता, त्यांनी तो लोकधारेत ऐकला. काहींनी तर तेथे पाय थिरकवून पुढे नावही काढिले. नट भरत जाधव यांची सुरुवात याच लोकधारेतली. म्हणजे सातवीत शाळा सुटलेल्या माणसाने स्वतःचीच एक शाळा काढिली होती.

घरातही हा वारसा उतरला. त्यांच्या प्रथम पत्नी भानुमती स्वतः गीते लिहीत. पुत्र देवदत्त संगीतकार झाले. आणि नातू केदार शिंदे यांनी २०२३ मध्ये त्यांच्या चरित्रावर 'महाराष्ट्र शाहीर' हा चित्रपट काढिला. साबळ्यांनी आपले आत्मचरित्रही लिहून ठेविले आहे, आणि त्याला नाव दिले आहे 'माझा पवाडा'. १९९८ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. २० मार्च २०१५ रोजी मुंबईत, वयाच्या ब्याण्णवाव्या वर्षी त्यांचे निधन झाले.

राहिला नातीचा प्रश्न. बढ्यांनी त्या गीतात नद्यांची नावे गुंफली, त्यांत आमची गोदावरीही आहे. खळ्यांनी चाल दिली. आणि हे दोन्ही घेऊन जो आवाज उभा राहिला, तो पटांगणात, ध्वनिक्षेपकाशिवाय, पावसावाऱ्यात शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचण्याची सवय झालेला आवाज होता. खळे भावगीतातले हळुवार संगीतकार. त्यांनी या चालीसाठी असा गळा घ्यावा, यात त्यांची पारख दिसते. मी नातीला जुनी ध्वनिमुद्रिका लावून दिली. तिने ती दोनदा ऐकली, मग वही उघडली आणि दोन नावांखाली तिसरे नाव लिहिले. पुढे कंसात काय लिहावे यासाठी ती थोडा वेळ अडली. 'गायक' लिहिले, खोडले, आणि 'शाहीर' असे लिहिले.