छावणीतला सिनेमा

वडवणी परिसरातील म्हाताऱ्या निवृत्त सैनिकांजवळ बसले, की बोलणे लढाईवरून हटकून छावणीतल्या सिनेमावर येते. याचे आम्हास नवल वाटे. म्हणून थोडी माहिती जमविली, ती वाचकांपुढे ठेवीत आहोत.

आपल्या जिल्ह्यातही छावणी होती. मोमिनाबाद, म्हणजे आजचे अंबाजोगाई, येथे हैदराबाद कंटिन्जंटचे घोडदळ असे. १९०३ साली ती फौज इंग्रजांच्या हिंदी लष्करात विलीन झाली. मुंबईत वॉटसन हॉटेलात ७ जुलै १८९६ रोजी चलच्चित्रे दाखविली गेली होती. पण सिनेमाची पक्की थिएटरे बहरली ती पुढे.

पुण्याच्या लष्कर भागात कॅपिटॉल व वेस्ट एंड ही थिएटरे होती. गोऱ्या सोजिरांची तेथे गर्दी असे. म्हणूनच २४ जानेवारी १९४३ रोजी क्रांतिकारकांनी तेथे बॉम्बस्फोट घडविले. कॅपिटॉलमध्ये काही इंग्रज सैनिक ठार झाले. या कटातील भास्कर कर्णिक यांनी पोलिसांच्या ताब्यात असताना विष घेऊन प्राण दिला. कॅपिटॉल पुढे व्हिक्टरी या नावाने ओळखले गेले.

त्या काळात आपला समाज कोठे होता? बाबासाहेबांचा जन्म १८९१ साली महूच्या छावणीत झाला. वडील रामजी सुभेदार. पण त्यानंतर लवकरच महारांची लष्करभरती बंद झाली. पहिल्या महायुद्धात, १९१७ साली, १११ महार ही पलटण उभी राहिली आणि १९२१ साली मोडली. १९३१ साली ‘आलम आरा’ने पडदा बोलका केला, तेव्हा आपल्या तरुणांना पलटणीचे दारच बंद होते. ते उघडले १ ऑक्टोबर १९४१ रोजी, बेळगावी महार रेजिमेंटची पहिली बटालियन उभी राहिली तेव्हा. बाबासाहेबांच्या प्रयत्नांचे हे फळ होय.

थिएटरात ३५ मिलिमीटरची फिल्म चाले. जुनी नायट्रेटची फिल्म चटकन पेट घेई, म्हणून मशीनची खोली पक्क्या भिंतींची लागे. जिथे थिएटर नाही तिथे १६ मिलिमीटरचे हलके मशीन नेत. ही फिल्म सहज पेटत नसे. दोन खांबांना पांढरा पडदा बांधला, की मैदानाचे थिएटर होई.

मैदानात पुढे जवान, मागे साहेब, असे म्हातारे सांगतात. पण ती रांग हुद्द्याची, जातीची नव्हे. गावी ज्याचा पाणवठा वेगळा, तो तेथे सर्वांच्या खांद्याला खांदा लावून बसे. नवलाचे उत्तर आम्हास येथे मिळाले. सिनेमाची गोष्ट ते विसरले. शेजारी कोण बसले होते, हे विसरले नाहीत.

आता सिनेमा प्रत्येकाच्या खिशातल्या मोबाईलवर आला आहे. पण ही माणसे दरवर्षी कमी होत आहेत. ज्यांच्या घरी सागर, कामठीला नोकरी केलेले आजोबा असतील, त्यांनी एक संध्याकाळ त्यांच्याजवळ बसावे आणि ते सांगतील ते वहीत उतरून घ्यावे, ही विनंती.